आठ प्लॉट पलीकडे

१

हे कुणाला सांगायचं नाही, असं भारतीकाकूंनी मला काल दोनदा बजावलं. एकदा त्यांच्या स्वयंपाकघरात आणि एकदा मी त्यांच्या पायऱ्या उतरताना, माझं मनगट धरून. मी मान हलवली. पण वहीत लिहिणं म्हणजे सांगणं नव्हे, असं मी धरून चालले आहे. विज्ञानाच्या प्रयोगवहीची मागची पानं कोरी आहेत, त्यावर लिहिते आहे. आमच्या मॅडम म्हणतात, आधी जे दिसलं ते लिहा, अनुमान शेवटी. तसंच करायचा प्रयत्न करते.

आम्ही जूनमध्ये इथे राहायला आलो. घोडेगावातून सोनईकडे जाताना डाव्या हाताला एक नवं प्लॉटिंग पडलं आहे. लोखंडी कमान, आत एका ओळीत चोवीस प्लॉट, प्रत्येकाच्या कोपऱ्याला चुना लावलेले दगड, आणि घरं मात्र दोनच. चार नंबरवर आमचं, तेरा नंबरवर भारतीकाकूंचं. मधल्या आठ प्लॉटांवर नुसतं कुसळी गवत. दोन्ही घरं एकाच ठेकेदाराने एकाच नकाशावर बांधली आहेत. खिडक्यांचे गज, ओटा, पायऱ्या, टाकीचा रंगसुद्धा सारखा. फक्त तोंडं एकमेकांकडे.

आई सोनईच्या दवाखान्यात सिस्टर आहे. ती स्कूटीवर जाते आणि संध्याकाळी आठच्या सुमारास येते. पप्पा कर्जतला एका शाळेत क्लार्क आहेत. ते शनिवारी रात्री येतात, सोमवारी पहाटे जातात. मी नववीत आहे. शाळेतून येते, हातपाय धुते, चहा करते आणि स्वयंपाकघराच्या खिडकीशी स्टूल ओढून बसते. अभ्यास तिथेच करते. आईला वाटतं, तिथे उजेड चांगला येतो म्हणून.

२

शाळेत माझ्याशी कुणी वाईट वागत नाही. माझी कुणाला गरज पडत नाही, एवढंच. कधीकधी दिवसभरात मी फक्त हजेरीला बोललेली असते.

म्हणून मी त्यांना बघायचे. तेव्हा मला त्यांची नावंही माहीत नव्हती. साडेसहाला काकू तुळशीपुढे दिवा लावायच्या. मग काका टेम्पो लावायचे आणि हॉर्न एकदा हळूच वाजवायचे. तो ऐकून एक लहान मुलगी धावत यायची आणि टेम्पोच्या पुढच्या सीटवर चढून बसायची, कुठे जायचं नसताना. सातला तिघं ओट्यावर जेवायला बसायचे. दार उघडं, आतला दिवा त्यांच्या पाठीवर. ते बसले की मीही ताट वाढून घ्यायचे. ते उठले की मी उठायचे. आई आली की तिच्यासोबत पुन्हा थोडं खायचे. आईला वाटायचं, मी तिच्यासाठी थांबते.

डिसेंबर लागला तेव्हा, पहिल्या गुरुवारी, त्यांच्या ओट्यावर तारा लागलेला दिसला. पाच कोनांचा, लाल-पिवळा, आत बल्ब. एक कोन मुडपलेला होता, त्यामुळे तेवढा भाग अंधुक होता. मला वाटलं, दिवाळीचा कंदील काढायचा राहिला असेल. मग आठवलं, दिवाळीत त्यांच्याकडे गोल कंदील होता, निळा. मी तो पंधरा दिवस बघितला होता.

शुक्रवारी तिथे काहीच नव्हतं. नुसता हूक.

शनिवारी पप्पांनी नगरहून नाताळचा तारा आणला. रविवारी उपासनेहून आल्यावर त्यांनी तो ओट्यावर टांगला. पाच कोनांचा, लाल-पिवळा.

“एसटीत एका माणसाने पिशवीवर गुडघा ठेवला,” पप्पा म्हणाले. “एक कोन मुडपला बघ. चालेल ना?”

“चालेल.”

“तोंड का असं? आवडला नाही का?”

“आवडला,” मी म्हणाले.

असे तारे दुकानात शेकड्याने मिळतात. कुणीतरी त्यांच्याकडे एक दिवस लावून पाहिला असेल. कोन कुठल्याही ताऱ्याचा मुडपू शकतो. मी तेव्हा असं समजावलं स्वतःला, आणि ते मला पटलंही होतं.

३

पुढच्या बुधवारी उजेड असतानाच त्यांच्या पायरीवर एक माणूस येऊन बसला. त्याने बूट काढले, मोजे बुटात कोंबले, मग बूट उलटे करून पायरीवर दोनदा आपटले. समोरचे काका चपला घालतात. बूट असे दोनदा आपटणारा माणूस मला एकच माहीत आहे. पण पप्पा तेव्हा कर्जतला होते. मी फोन करून विचारलं.

“इथेच आहे की,” पप्पा म्हणाले. “का गं?”

“काही नाही. जेवलात का?”

“साडेपाचला?” ते हसले.

शनिवारी पप्पा साडेपाचलाच घरी आले. शाळा लवकर सुटली होती. पायरीवर बसले, मोजे बुटात कोंबले, बूट दोनदा आपटले. मला इतका आनंद झाला की घाबरायचं राहूनच गेलं. तीन तास जास्तीचे पप्पा. रात्री मी वहीत लिहिलं: तारा, गुरुवार ते रविवार. पप्पा, बुधवार ते शनिवार. तीन दिवस.

त्यानंतर मी त्यांना बघत नव्हते, हे मी कबूल केलं पाहिजे. आमच्याकडे कोण येणार आहे, ते बघत होते.

शुक्रवार आला. तिथे एक बाई दोरीवर कपडे घालत होती. एकाच हाताने. डावा हात मनगटापर्यंत पांढरा होता. दुसऱ्या दिवशी सकाळी पाण्याचा टँकर आला तेव्हा काकू दोन्ही हातांनी पाइप धरून उभ्या होत्या. दोन्ही हात उघडे, धडधाकट, बांगड्या चमकत होत्या. मी टँकरपासून दहा पावलांवर होते. विचारता आलं असतं. मी बादली उचलून घरी आले.

सोमवारी आईला सुट्टी होती. तिने नाताळच्या करंज्यांचा पहिला घाणा काढायला घेतला. मी तिच्या डाव्या बाजूला उभी राहिले.

“आज अभ्यास नाही का?”

“आहे.”

“मग अशी अंगावर का उभी? सरक. तेल उडेल.”

“आई, डाव्या हाताला जप.”

“डाव्या हाताला काय झालंय?” असं म्हणत ती माझ्याकडे वळली, आणि झारा कढईच्या कडेला अडकला.

आईने आवाज केला नाही. गॅस बंद केला, नळाखाली हात धरला, मला मलम आणायला लावलं. पट्टी स्वतःच बांधली, चिकटपट्टी दातांनी तोडली. मग म्हणाली, “डावा हात का म्हणालीस?”

“असंच.”

“एंजल.”

मी समोरच्या खिडकीकडे पाहिलं. तिनेही पाहिलं.

“त्या स्टुलावर बसून बसून डोकं फिरलंय तुझं,” आई म्हणाली. आवाज रागाचा नव्हता, थकलेला होता. “लोकांच्या घरात बघू नये बाळा. त्यांच्या लक्षात आलं तर काय म्हणतील? सिस्टरची पोरगी दिवसभर टकमक बघत बसते. मी इथे नसते, पप्पा नसतात. निदान नाव तरी नीट राहू दे.”

मी बोलले नसते तर ती वळली नसती. वळली नसती तर भाजलं नसतं. पण मग मला शुक्रवारी ते दिसलं कसं असतं? हा विचार मी पुष्कळ वेळा केला आहे. तो गोल फिरून तिथेच येतो.

४

मंगळवारी मी स्टूल पुढच्या खोलीत नेऊन ठेवलं. भिंतीकडे तोंड करून बीजगणित करायला बसले. सात वाजून दहा मिनिटांपर्यंत बसले.

आधी आवाज आला. समोरून रोज या वेळी टीव्ही ऐकू येतो, वारा असला तर मालिकेची गाणी इथपर्यंत पोचतात. हा टीव्ही नव्हता. पुष्कळ माणसं मिळून संथ गात होती. शब्द कळत नव्हते. चाल कळत होती. ती मी लहानपणापासून आमच्या चर्चच्या मंडळीत ऐकली आहे. ती लग्नात म्हणत नाहीत.

मी स्वयंपाकघरात गेले. स्टूल नव्हतं, म्हणून उभ्यानेच पाहिलं.

त्यांच्या अंगणात खुर्च्या मांडल्या होत्या. बायका पांढऱ्या साड्यांत होत्या. दार सताड उघडं, आत ट्यूब लागलेली, आणि पुढच्या खोलीत मधोमध टेबलावर लांब पेटी. पेटीवर पांढरी फुलं. पेटीच्या डोक्याशी पांढरा झगा घातलेला माणूस, हातात पुस्तक.

त्यांच्यात पेटी नसते. त्यांच्यात झगेवाले पाळक नसतात. हे मला पहिल्याच क्षणाला कळलं, आणि त्याच क्षणाला मी आईला शोधायला लागले. कारण स्कूटी, कारण सोनईचा रस्ता, कारण उसाच्या ट्रॉल्या. मी एकेक पांढरी साडी बघत गेले. पप्पा सापडले, दाराच्या चौकटीला टेकलेले, एका पायावर भार देऊन. आई दिसेना. मी गज धरले होते. मग पेटीजवळची एक बाई बाजूला झाली आणि तिच्यामागे खुर्चीत आई दिसली. डोक्यावर पदर नव्हता. डाव्या हाताला पट्टी होती. कुणीतरी तिला मागून दोन्ही दंडांना धरलं होतं.

देवा तुझे आभार, असं मी मोठ्याने म्हणाले.

आणि मग लक्षात आलं की आमच्या घरात तीनच माणसं आहेत.

मी मला शोधलं. खुर्च्यांत, ओट्यावर, टाकीपाशी, पप्पांच्या मागे. फार नीट शोधलं. मग बाहेर आमच्या कमानीतून, नेहमीपेक्षा लवकर, स्कूटीचा दिवा आत वळला, मी तिकडे पाहिलं, आणि परत पाहिलं तेव्हा समोर तिघंजण ओट्यावर जेवत होते. त्या मुलीने काहीतरी म्हटलं असावं, कारण काका मान मागे टाकून हसले.

“अंधारात काय करतेस?” आई दारातून म्हणाली. “दिवा तरी लाव.”

मी तिच्या कमरेला मिठी मारली. तिने पट्टीचा हात वर धरला, दुसरा माझ्या डोक्यावर ठेवला आणि कपाळ गरम आहे का ते पाहिलं.

५

काल, म्हणजे बुधवारी, शाळेतून आल्यावर मी ताटात नऊ करंज्या घेतल्या, वर विणलेला रुमाल टाकला आणि आठ प्लॉट चालत गेले. नाताळचं ताट शेजाऱ्यांकडे नेतात, त्यामुळे कारण तरी होतं. चार दिवस लवकर होतं, पण ते त्यांना कुठे माहीत.

मी दारात उभी राहिले. हाक मारायला तोंड उघडेना. आतून ती मुलगीच धावत आली आणि मला बघून उलटी पळाली.

“आई, ती खिडकीतली ताई आली.”

काकू पदराला हात पुसत बाहेर आल्या. माझ्याकडे पाहिलं, ताटाकडे पाहिलं. त्यांना आश्चर्य वाटलं नाही, हे मी नोंदवून ठेवते.

“ये ना गं आत,” त्या म्हणाल्या. “दारात काय उभी ऱ्हाती पाहुण्यावानी. वृषे, चटई टाक.”

वृषाली दुसरीत आहे. तिने चटई टाकली, त्यावर स्वतःच बसली आणि रुमाल उचलून करंज्या मोजायला लागली. मी त्यांच्या ओट्याकडे पाहिलं, दोरीकडे पाहिलं. खुर्च्या नव्हत्या. काकूंचा डावा हात बघितला. बांगड्या, एक तीळ, बाकी काही नाही.

“काकू,” मी म्हणाले, “काल तुमच्याकडे पाहुणे आले होते का?”

काकूंनी वृषालीला अंगणात फुलं तोडायला पाठवलं. तिला फुलं नको होती, करंजी हवी होती. करंजी देऊन पाठवलं. मग माझा हात धरून त्यांनी मला स्वयंपाकघरात नेलं.

“काय दिसलं तुला?”

मी सांगितलं. आधी तारा, मग बूट, मग पट्टी. मग मंगळवारचं. सांगताना मी जमिनीकडे बघत होते.

“आमच्याकडं कुनीच आलं न्हवतं,” त्या म्हणाल्या. “पर तुमच्याकडं आल्तं. आन तुमच्या आईला ईचारलं तर ती बी न्हाईच म्हनंल.”

“आमच्याकडे काय?”

“मागं एकदा तुमच्या वट्यावर हिरवी शिलाई मशीन दिसली. म्हनलं, सिस्टरनी मशीन घेतली. आठ दिस न्हाई झाले तर आमच्या मालकांनी तीच आनली, टेम्पोत घालून. ती बघ.” कोपऱ्यात हिरवी मशीन होती. “तवा मी हसले. मग एकदा माझी माय दिसली तुमच्या दारात, काठी टेकत. ती बी आली, न सांगता. तवा न्हाई हसले.”

“आणि आता?”

काकूंनी ओट्यावरचं पातेलं उगीच इकडून तिकडे सरकवलं.

“दोन दिस झाले आसतील. तुमच्या दारात आगटं पेटिवल्यालं. मडकं. बांबू. म्हनलं, ख्रिस्ती मान्सांत हे कुठून? आमचे मालक तुमच्या उंबऱ्यावर बसल्याले, डोकं धरून. आन माझ्या जावा मला धरून बसल्यात. मी मला बघितलं पोरी. तिथं, तुमच्या घरात.”

“आणि वृषाली?”

त्यांनी मान हलवली. हो किंवा नाही अशी नाही. नुसती.

बाहेर वृषाली कुणाशीतरी, बहुतेक मांजराशी, मोठ्याने बोलत होती. आम्ही दोघी ते ऐकत उभ्या राहिलो.

तेव्हा मला त्यांची खिडकी दिसली. आमच्यासारखीच, आणि खाली एक स्टूल. त्यावर चपटी झालेली उशी.

“मी बी बसते,” काकू म्हणाल्या. “मालक दिसभर टेम्पोवर. हितं बोलायला कोन हाय? तू शाळंतून आली का दिवा लागतो तुमच्या सैपाकघरात, तेवढं बघते. तू जेवाया बसती, आमी जेवाया बसतो. लई दिस वाटायचं तुला हाक मारावी. मग वाटायचं, शिकल्याल्या मान्सांची पोर, येईल का न्हाई.”

मी त्या खिडकीतून आमचं घर पाहिलं. इतके महिने मी उलट्या बाजूने बघत होते. इथून ते फार जवळ दिसतं. तारा लागलेला नव्हता, अजून उजेड होता. मला मडकं दिसलं नाही, बांबू दिसले नाहीत. फक्त आमची खिडकी दिसली, तिच्यात कुणी नव्हतं, आणि ती रिकामी कशी दिसते हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं.

“आईला सांगू का?” मी विचारलं.

“कुनाला सांगायचं न्हाई. तूच म्हनली ना, तू आईला जप म्हनली म्हून तिचा हात भाजला. सांगितलं का ते घडतंच. गप ऱ्हायचं आन जपायचं. कवा म्हनली तू, किती दिस?”

“तीन. मी काल पाहिलं. म्हणजे शुक्रवारी.”

“मग शुक्रवारी तू आन वृषाली, दोघी बी घराभाईर पडायचं न्हाई. शाळा न्हाई, दुकान न्हाई. तुझी आई गेली का तू हितं यायचं. कडी घालून बसू तिघी. मी येक क्षन नजर हलवायची न्हाई.”

मला रडू आलं, कारण इतक्या दिवसांत कुणीतरी मला कुठेतरी बोलावलं होतं.

निघताना मी ताट मागितलं. “रिकामं ताट देत्यात व्हय?” असं म्हणून त्यांनी त्यात गूळ आणि शेंगदाणे घातले. आणि पायऱ्यांवर पुन्हा मनगट धरलं.

६

आज गुरुवार. शाळेत खेळांच्या स्पर्धा आहेत. मी कुठल्याच संघात नाही, म्हणून घरीच थांबले. त्याचं कुणाला काही वाटलं नसेल.

दुपारी काकू वृषालीला घेऊन आल्या. तिला कालपासून त्यांनी शाळेत पाठवलेलं नाही. काकूंच्या हातात तेलाची बाटली आणि रुईच्या पानांची माळ होती.

“शिंगणापूरला जाऊन येते,” त्या म्हणाल्या. “उद्या तर हलायचं न्हाई. म्हून आजच तेल वाहून येते. शनिवार न्हाई, पर आता वाट कुठं बघू. हिला बघशील ना दोन तास?”

“बघते की.”

“वृषे, ताईला तरास द्यायचा न्हाई.”

“मी न्हाई देत. ताईच बोलत न्हाई, मलाच बोलावं लागतं,” वृषाली म्हणाली. काकू हसल्या. खूप दिवसांनी हसल्यासारख्या. कमानीपाशी त्यांना रिक्षा मिळाली, त्यांनी हात केला, मीही केला.

वृषालीने पुष्कळ प्रश्न विचारले. आमचा देव कुठे असतो, तारा दिवसा का लावत नाहीत, मी खिडकीत बसून काय बघते. तुम्हाला, मी म्हणाले. मग ती ओट्यावर खडूने घर काढत बसली आणि मी हे लिहायला बसले. इथून तिचं डोकं दिसत होतं. अधूनमधून मी विचारत होते, “आहेस ना?” आणि ती म्हणत होती, “हाय.”

सगळं दिसलेलं लिहून झालं. आता अनुमान.

मंगळवारचं लिहिताना पेटीवरची फुलं लिहिली, आणि मला शांतवन आजोबांची पेटी आठवली. ती रात्रभर आमच्या जुन्या घरात होती, खाली बर्फाच्या लाद्या. पुण्याची आत्या यायची होती म्हणून. आजोबा बुधवारी सकाळी वारले. गाणी, झगा, पांढऱ्या साड्या, हे सगळं गुरुवारी संध्याकाळी झालं. आमच्यात थांबतात. सगळे आले की मग.

काकूंच्यात थांबत नाहीत. त्यांच्यात त्याच दिवशी नेतात. म्हणून मी शुक्रवार म्हटल्यावर काकूंनी शुक्रवारच धरला, आणि मीही मान हलवली. मी मान फार लवकर हलवते.

मला जे दिसलं ते शुक्रवारचं आहे. पण ते घडण्याचा दिवस नाही, दफनाचा आहे. आणि काकू म्हणाल्या होत्या, दोन दिवस झाले असतील. काल बुधवार होता. दोन दिवस मागे म्हणजे सोमवार. सोमवार अधिक तीन, म्हणजे आज.

मी हे तीनदा मोजलं. बोटांवर, मग वहीत, मग भिंतीवरच्या कॅलेंडरवर.

काकूंना फोन लावला. वाजतो आहे, उचलत नाहीत. तिथे गर्दी असेल. आईला लावला, ती ड्युटीवर फोन कपाटात ठेवते. पुन्हा लावेन. काकू आल्या की ही वहीच त्यांच्या हातात देईन, म्हणजे मला तोंडाने सांगावं लागणार नाही. चार वाजून दहा मिनिटं झाली आहेत. त्यांना अजून तास लागेल. फक्त एक तास. वृषालीला आत घ्यायचं, दोन्ही दारांना कड्या घालायच्या, गॅस खालून बंद करायचा, आणि पुढच्या खोलीत मधोमध बसायचं. काही शिवायचं नाही. हे जमण्यासारखं आहे. दोघींनी एक तास नुसतं बसणं, त्यात काय होणार आहे.

“आहेस ना?” मी आत्ता विचारलं.

ओट्यावर तिच्या चपला आहेत. खडू आहे. घराला दार काढायचं राहिलं आहे.

“ताई,” ती हाक मारते आहे, पण आवाज पुढून नाही, मागून, उसाच्या कडेला नवं शेततळं केलंय तिकडून. “ताई, ये की लवकर. तू हितं पाण्यात दिसतीस.” मी खिडकीतून ओरडले, तिथेच थांब, काठापासून मागे हो, ती हसते आहे आणि वाकून परत मला हाक मारते आहे, येते गं, आले, तू फक्त हलू नकोस, मी आत्ता